भावंडं आणि मुलांचा स्वभाव: पालकांना हमखास पडणारे प्रश्न

घरात दुसरं मूल आलं की पालकांचे बहुतेक प्रश्न मूल 'कितवं' आहे याभोवती फिरू लागतात. थोरला समंजस असतो का? मधल्याकडे दुर्लक्ष होतं का? धाकटी लाडावते का? एकुलतं एक हट्टी होतं का? भावंडांचा अभ्यास करणाऱ्यांनी गेल्या पन्नासेक वर्षांत जे पाहिलं, ते या समजुतींना फारसं धरून नाही. मूल कितवं यापेक्षा भावंडाशी त्याचा रोजचा व्यवहार कसा होतो आणि घरातली मोठी माणसं दोघांबद्दल काय बोलतात, याने जास्त फरक पडतो. खालची उत्तरं त्याच अंगाने लिहिली आहेत.

थोरलं जबाबदार, मधलं तडजोड करणारं, शेंडेफळ लाडावलेलं, हे खरं आहे का?

मोठ्या संख्येवर तपासलं तर नाही. ही कल्पना रुजवली ती व्हिएन्नाचे मानसोपचारतज्ज्ञ आल्फ्रेड अॅडलर (१८७०–१९३७) यांनी. दुसरं मूल आलं की पहिल्याचं राज्य जातं आणि त्याचा ठसा त्याच्या स्वभावावर राहतो, असं ते मांडत. ऐकायला पटतं, पण त्या मांडणीमागे मोठ्या लोकसंख्येची पाहणी नव्हती. २०१५ साली दोन मोठे अभ्यास आले. एकात जर्मनी, ब्रिटन आणि अमेरिकेतल्या २० हजारांहून जास्त लोकांची माहिती होती, दुसऱ्यात अमेरिकेतल्या सुमारे ३ लाख ७७ हजार शाळकरी मुलांची. बोलकेपणा, मिळूनमिसळून वागणं, शिस्त, मनाची स्थिरता या गुणांचा जन्मक्रमाशी संबंध पहिल्या अभ्यासात सापडलाच नाही. दुसऱ्यात सापडला तो इतका पुसट, की त्यावरून तुमच्या मुलाबद्दल काहीही सांगता येऊ नये.

मग घरोघरी हे खरं का वाटतं? कारण आपण नऊ वर्षांच्या मुलाची तुलना पाच वर्षांच्या मुलीशी करत असतो. नऊ वर्षांचा जास्त समंजस असणारच. ती नऊची होते तेव्हा तो तेराचा झालेला असतो, म्हणून ती कायम 'लहान'च दिसते. शिवाय घरातली भूमिका बाहेर तशीच चालते असंही नाही. घरी ताईच्या मागे लपणारी धाकटी वर्गात मॉनिटर असते, आणि पालकसभेत बाईंनी तसं सांगितलं की आईचा विश्वास बसत नाही.

पण थोरली मुलं अभ्यासात पुढे असतात ना?

सरासरीने, थोडीशी. नॉर्वेमध्ये सैन्यभरतीच्या वेळी बुद्धिमत्ता चाचणी होते. अशा सुमारे अडीच लाख तरुणांचे निकाल २००७ मध्ये तपासले गेले, तेव्हा थोरल्यांचा बुद्ध्यंक दुसऱ्या क्रमांकाच्या मुलांपेक्षा दोन-तीन अंकांनी जास्त निघाला. त्यातली मोलाची गोष्ट वेगळीच आहे. ज्यांचं थोरलं भावंड तान्हेपणी दगावलं होतं आणि जे घरात थोरले म्हणून वाढले, त्यांचे गुण जन्माने थोरल्या असलेल्यांइतकेच होते. म्हणजे फरक पोटातून आलेला नव्हता, घरातल्या जागेमुळे पडला होता. पहिल्याला सुरुवातीची काही वर्षं मोठ्यांचा अखंड वेळ मिळतो आणि पुढे धाकट्याला शिकवता शिकवता त्याचंही पक्कं होतं, असं याचं स्पष्टीकरण दिलं जातं. दोन-तीन अंकांवरून एखादं मूल हुशार की ढ हे मात्र ठरवू नये.

आपल्याकडे क्रमाचा परिणाम दुसऱ्याच ठिकाणी दिसतो. सीमा जयचंद्रन आणि रोहिणी पांडे या अर्थतज्ज्ञांनी २०१७ मध्ये भारतातल्या आणि सहाराच्या दक्षिणेकडच्या आफ्रिकी देशांतल्या मुलांच्या उंचीची तुलना केली. पहिल्या मुलांच्या उंचीत भारत मागे नाही, पण दुसऱ्या-तिसऱ्या मुलापासून भारतातली उंची झपाट्याने घसरते. त्यामागचं एक मोठं कारण म्हणजे थोरल्या मुलग्याला मिळणारं झुकतं माप. ताटात कोणाला काय वाढलं जातं, हे हाडांवर उमटतं. ते मनावर उमटत नसेल असं मला वाटत नाही.

एकाच घरात वाढलेली दोन मुलं इतकी वेगळी कशी?

माणसामाणसांत जी जनुकं बदलतात, त्यांपैकी सख्ख्या भावंडांत सरासरी निम्मी सारखी असतात. म्हणजे निम्मी वेगळी, हे झालं मुळातलंच. पण १९८७ मध्ये रॉबर्ट प्लोमिन आणि डेनिस डॅनियल्स यांनी आणखी एक मुद्दा ठासून मांडला: भावंडांना सारखं बनवायला एक घर पुरत नाही, कारण ते घर दोघांसाठी एक नसतंच. बाबांची नोकरी गेली तेव्हा एक बारावीला होता, दुसरी बालवाडीत. एकाने त्या वर्षीची आईबाबांची भांडणं ऐकली, दुसरीला आठवतं ते बाबा दुपारी घरी असायचे आणि गोष्ट सांगायचे.

तिसरं कारण मुलं स्वतःच घडवतात. थोरल्याने जी जागा घेतली ती सोडून दुसरी शोधायची, असं धाकटं भावंड पुष्कळदा करतं. फ्रान्सेस शॅक्टर यांनी १९७६ मध्ये दाखवलं की पहिली दोन मुलं दोघे मुलगे किंवा दोघी मुली असतील, तर हे वेगळेपण जास्त ठळक होतं. दादा तबल्याला जातो म्हणून हा हट्टाने मैदानावर. त्यात वाईट काही नाही.

वाईट तेव्हा होतं, जेव्हा आपण त्यावर शिक्का मारतो. 'हा आमचा हुशार, ही आमची कलाकार' हे पाहुण्यांसमोर कौतुकाने म्हटलं जातं, पण ऐकणारी आठ वर्षांची मुलगी त्यातून शिकते की हुशारीची जागा भरलेली आहे. पुढे गणित अडलं की ती झटून बघत नाही, 'ते मला नाही जमत, ते दादाचं' म्हणून वही मिटते. पालकांनी एकच गोष्ट बदलायची असेल तर मी ही सांगेन: दोन मुलांची ओळख एकाच वाक्यात करून देऊ नका.

दुसरं बाळ येणार आहे. पहिल्याच्या मनाची तयारी कशी करावी?

ज्यूडी डन आणि कॅरल केंड्रिक यांनी केंब्रिजमधल्या ४० कुटुंबांच्या घरी जाऊन, दुसरं बाळ होण्याआधीपासून ते नंतर वर्षभराहून जास्त काळ, आई आणि मुलं कशी बोलतात-वागतात याच्या नोंदी केल्या. बाळ आल्यावर बहुतेक पहिली मुलं बिनसली: आईला चिकटून राहणं वाढलं, झोप बिघडली, मुद्दाम खोड्या सुरू झाल्या. हे स्वाभाविक आहे. सुटलेली दुधाची बाटली परत मागणं किंवा रात्री अंथरूण ओलं करणं हाही त्यातलाच भाग, त्यावर रागावू नये.

त्यांना दिसलेली दुसरी गोष्ट पालकांच्या हातातली आहे. ज्या आया पहिल्या काही आठवड्यांत मोठ्या मुलाशी बाळाबद्दल, त्यालाही मन आहे अशा रीतीने बोलल्या, त्या घरांत वर्षभरानंतर भावंडांचं जास्त चांगलं जमत होतं. म्हणजे 'हात लावू नकोस', 'हळू बोल, बाळ उठेल' एवढ्यावर न थांबता, 'बघ ना, रडतेय. भूक लागली असेल की झोप आली असेल? तुला काय वाटतं?' असं विचारणं. तीन वर्षांचं मूल यावर खरोखर विचार करतं. चुकीचं उत्तर दिलं तरी चालतं.

बाळंतपणासाठी माहेरी जाताना पहिल्याला शक्यतो बरोबर न्या. आई गेली आणि दोन महिन्यांनी बाळ घेऊन परत आली, तर त्याने हिशोब कसा मांडावा? आणि बारशाला येणाऱ्या मंडळींना आधीच सांगून ठेवा. 'आता तुझे लाड बंद हं!' हे गंमत म्हणून म्हटलेलं वाक्य ते मूल खरंच धरतं.

दोघं दिवसभर भांडतात. आपण मध्ये पडावं का?

लहान भावंडं एका तासात अनेकदा भांडतात. भांडणातून ती काय शिकतात, हे बघण्यासारखं आहे. समोरच्याच्या डोक्यात आपल्यापेक्षा वेगळी माहिती, वेगळी इच्छा असू शकते, ही समज साधारण चौथ्या वर्षाच्या आसपास येते. जोसेफ पर्नर आणि सहकाऱ्यांनी १९९४ मध्ये दाखवलं की घरात जास्त भावंडं असलेली तीन-चार वर्षांची मुलं या समजेच्या चाचण्यांत पुढे होती. दादाला नक्की कशाने राग येतो, खाऊ कुठे लपवला तर सापडणार नाही, आईला कोणती बाजू सांगितली तर पटेल, याचा सराव त्यांना रोज होतो.

पण भांडण आपोआप शिकवत नाही. रविवारची सकाळ घ्या. आई पोळ्या लाटतेय, हॉलमधून आवाज: 'आई, बघ ना ही!' रिमोट धाकट्या छोटूच्या हातात, ताईचा हात त्याच्या केसांत. आई लाटणं घेऊनच बाहेर येते आणि विचारते, 'कोणी सुरुवात केली?' या प्रश्नाला खरं उत्तर नसतं, कारण रिमोटच्या आधी काल रात्रीची खिडकीकडची गादी असते. मग 'तू मोठी ना, सोड' असा निकाल लागतो. ताई शिकते की मोठं असणं म्हणजे हरणं. छोटू शिकतो की आधी ओरडलं की काम होतं.

कॅनडातल्या हिल्डी रॉस यांनी आयांना न्यायाधीश होण्याऐवजी मध्यस्थ व्हायला शिकवलं. अफशान सिद्दीकी यांच्याबरोबर २००४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात, अशा घरांतली मुलं स्वतःच्या आणि भावंडाच्या भावनांबद्दल जास्त बोलू लागली आणि तोडगा स्वतः काढू लागली. पद्धत साधी आहे. आधी मारामारी थांबवायची आणि नियम सांगायचा: एक बोलताना दुसरा बोलणार नाही. मग दोघांकडून ऐकायचं. मग, आणि हाच कळीचा भाग, प्रत्येकाने दुसऱ्याचं म्हणणं त्याच्या तोंडावर परत सांगायचं. शेवटी तोडगा त्यांनाच विचारायचा.

त्या रविवारी ते असं दिसेल. 'ताई, छोटूला काय हवंय, सांग बघू.' 'त्याला कार्टून लावायचंय.' 'का?' '...आज शेवटचा भाग आहे म्हणे.' 'छोटू, ताईला?' 'तिला मॅच.' 'मग?' थोडी शांतता, मग छोटूच म्हणतो, 'शेवटचा भाग वीस मिनिटांचा आहे. तोवर ती मोबाईलवर स्कोअर बघेल, नंतर मॅच.' पहिल्या वेळी यात पोळी करपते. महिनाभर केलं तर मुलं आईला न बोलावता हेच आपसात करू लागतात. अगदी लहानांना, म्हणजे चारच्या खालच्यांना, हे झेपत नाही. तिथे तुम्हालाच दोघांच्या वतीने बोलावं लागेल.

हे नेहमीचं भांडण आहे की छळ, कसं ओळखायचं?

भांडणात आज एक जिंकतो, उद्या दुसरा. छळात हरणारं मूल ठरलेलं असतं. तेच रोज मार खातं, त्याच्याच रंगावरून किंवा वजनावरून टोमणे बसतात, आणि ते तक्रार करणंही सोडून देतं. 'भावाबहिणींत चालायचंच' म्हणून हे सोडून देऊ नका. ब्रिटनमध्ये २०१४ साली प्रसिद्ध झालेल्या मोठ्या अभ्यासात, बाराव्या वर्षी भावंडाकडून आठवड्यातून अनेकदा छळ सोसलेल्या मुलांमध्ये अठराव्या वर्षी नैराश्य आणि स्वतःला इजा करून घेण्याचं प्रमाण इतरांच्या सुमारे दुप्पट होतं. इथे मध्यस्थी करू नये, ठाम उभं राहून थांबवावं. आणि छळणाऱ्या मुलाचं काय चाललंय, हेही बघावं. पुष्कळदा तेच कुणाकडून तरी मार खात असतं.

दोघांना अगदी सारखं वागवायचं का?

अमांडा कोवाल आणि लॉरी क्रेमर यांनी १९९७ मध्ये मुलांनाच विचारलं. आईबाबा आपल्यात फरक करतात हे त्यांना कळत होतं, पण बहुतेक वेळा त्यांना त्यात अन्याय वाटत नव्हता, कारण त्यामागचं कारण त्यांना ठाऊक होतं. 'तो लहान आहे', 'तिची परीक्षा आहे', 'त्याला दमा आहे'. जिथे कारण पटत नव्हतं, तिथे नातं बिघडलेलं होतं. तेव्हा आंब्याच्या फोडी मोजून वाटायची गरज नाही, पण फरक का केला हे सांगायची आहे.

एक फरक असा आहे ज्याचं पटेल असं कारण देताच येत नाही. जेवणं झाली की 'ताट उचल गं' हे फक्त मुलीला. संध्याकाळी सातनंतर बाहेर जायची परवानगी फक्त मुलाला. मुली हा फरक कधीच पटवून घेत नाहीत, फक्त बोलणं थांबवतात. मुलग्यालाही यात तोटा आहे: स्वतःचं ताट न उचलता वाढलेला भाऊ पुढे कुठल्या अपेक्षा घेऊन संसारात जातो, ते आपण आजूबाजूला बघतोच.

भाऊ असणं आणि बहीण असणं, यांचा वेगळा परिणाम होतो का?

स्वभावावर नाही. २०२२ मध्ये नऊ देशांतल्या ८० हजारांहून जास्त लोकांची माहिती तपासली, तेव्हा लगतचं भावंड मुलगा की मुलगी यावरून मोठेपणीच्या स्वभावात फरक आढळला नाही.

मोठ्या मुलीवर धाकट्यांना सांभाळायची जबाबदारी टाकावी का?

थोडी जबाबदारी दोघांच्या भल्याची असते. धाकट्याला शाळेत सोडणं, पाढे म्हणून घेणं यातून मोठ्याला आपण उपयोगी आहोत असं वाटतं आणि धाकट्याला आधार मिळतो. पश्चिम केनियातल्या एका अभ्यासात मोठी बहीण असलेल्या लहानग्यांची वाढ मोठा भाऊ असलेल्यांपेक्षा चांगली दिसली, कारण मोठ्या बहिणी त्यांच्याशी जास्त बोलत-खेळत होत्या.

पण बीड जिल्ह्यातून ऊसतोडीला जाणाऱ्या कुटुंबांकडे बघा. आईबाप पहाटे फडात, म्हणजे उसाच्या शेतात, जातात आणि नऊ-दहा वर्षांची पोर कोपीवर, म्हणजे तिथल्या झोपडीत, तान्ह्या भावाला घेऊन राहते, पाणी भरते, भाकरी थापते. सहा महिने शाळा सुटते. त्या मुलीच्या अंगी कर्तेपण येतं, हे खरं आहे, आणि त्याची किंमत तिचं शिक्षण असते, हेही खरं आहे. म्हणून हंगामी वसतिगृहं आणि फडाजवळची पाळणाघरं हा त्या घरातल्या मोठ्या बहिणीचाही प्रश्न आहे. शहरी घरातही खूण हीच: सांभाळण्यापायी मोठीचा अभ्यास, खेळ किंवा झोप जात असेल, तर ते काम मोठ्यांनी परत आपल्याकडे घ्यावं. आणि 'आई गं, कंटाळा आला' म्हणायची तिला मुभा असावी.

आम्हाला एकच मूल आहे. त्याचं काही अडेल का?

२०१९–२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीनुसार महाराष्ट्रात एका स्त्रीमागे सरासरी १.७ मुलं आहेत, तेव्हा हा प्रश्न आता पुष्कळांचा आहे. टोनी फाल्बो आणि डेनिस पॉलिट यांनी १९८६ मध्ये ११५ अभ्यास एकत्र करून पाहिले. एकुलती एक मुलं स्वभावात किंवा मिळूनमिसळून वागण्यात मागे नव्हती, शिकण्याच्या जिद्दीत जराशी पुढेच होती. चीनमध्ये एक मूल धोरणानंतर जन्मलेल्यांबद्दल २०१३ मधला एक अभ्यास उलट सांगतो: ती पिढी कमी विश्वास टाकणारी आणि जोखीम टाळणारी दिसली. पण तिथे शहरांतली जवळजवळ सगळी पिढीच सख्ख्या भावंडांविना वाढत होती.

भावंडं नसली तरी मुलाच्या आजूबाजूला कोण आहे, ही गोष्ट मला महत्त्वाची वाटते. ग्रीसमधलं क्रीट बेट आणि सायप्रस इथे १९९६ मध्ये झालेल्या अभ्यासात, लहान मुलांची दुसऱ्याचं मन ओळखायची समज केवळ सख्ख्या भावंडांवर अवलंबून दिसली नाही. रोज भेटणारी मोठी मुलं आणि नातेवाईक किती आहेत, त्यावरही ती होती. आपल्याकडे मे महिन्यात मामाकडे जमणारी आते-मामे भावंडं, वाड्यातली किंवा सोसायटीतली पोरं हे काम करत आली आहेत. एकुलत्या मुलाला खेळणी कमी आणि असा सहवास जास्त द्या. तोही आखीव क्लासमधला नको, मोकळा, ज्यात भांडण होऊन मिटायला वेळ असतो.

दोन मुलांत किती अंतर असावं?

स्वभावासाठी 'योग्य' असं अंतर नाही. आईच्या तब्येतीसाठी आहे: एका बाळंतपणानंतर पुढच्या गर्भधारणेआधी किमान २४ महिने जाऊ द्यावेत, असं जागतिक आरोग्य संघटना सुचवते.

एका मुलाला अपंगत्व किंवा स्वमग्नता आहे. दुसऱ्यावर काय परिणाम होईल?

अशा घरातली दुसरी मुलं पुष्कळदा फार समजूतदार असतात, आणि तिथेच पालकांचं लक्ष चुकतं. हे मूल काही मागत नाही, म्हणजे त्याला काही नको आहे असं नाही. घराचा दिवस भावाच्या थेरपीच्या वेळापत्रकावर चालतो, बहिणीच्या गॅदरिंगला कोणीच येऊ शकत नाही, आणि राग आला तर तो काढायला जागा नाही, कारण 'त्याला कळत नाही गं'. तिला भावाच्या अवस्थेचं नाव आणि माहिती वयाला झेपेल तशी खरी सांगा. आठवड्यातला ठरावीक वेळ फक्त तिचा ठेवा. 'आमच्यानंतर तूच आहेस त्याला' हे वाक्य मात्र शाळकरी मुलीला सांगू नका. ती तजवीज मोठ्यांनी करायची आहे.

लहानपणचं नातं मोठेपणी किती पुरतं?

हार्वर्डने दशकानुदशकं ज्या पुरुषांचा पाठपुरावा केला, त्यांच्याबद्दल २००७ मध्ये एक निष्कर्ष निघाला: वयाच्या विसाव्या वर्षाआधी भावंडांशी ज्यांचं नातं वाईट होतं, त्यांना पन्नाशीपर्यंत गंभीर नैराश्य येण्याची शक्यता जास्त होती. आईवडिलांशी नातं कसं होतं हे धरूनही हा संबंध टिकला.

पण नातं लहानपणीच ठरून जातं, असं नव्हे. आपल्याकडे ते अनेकदा वडिलांच्या तेराव्यानंतर तुटतं. हिंदू वारसा कायद्यातल्या २००५ च्या दुरुस्तीने मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतकाच हक्क दिला, महाराष्ट्राने तर १९९४ मध्येच तसा कायदा केला होता. तरीही तलाठ्याकडे बहिणीची हक्कसोडाची सही अजून गृहीत धरली जाते. बहीण सही करते ती माहेर तुटू नये म्हणून. तिने नाही म्हटलं तर 'नातं तिने तोडलं' असं गावात होतं. आईवडिलांनी हयातीत, सगळ्या मुलांना एकत्र बसवून वाटणी स्पष्ट केली आणि लिहून ठेवली, तर पुढची पुष्कळ कटुता टळते. एक भाऊ परदेशी आणि एक इथे, अशा घरांत आईवडिलांच्या आजारपणाचं कामही तसंच उघड वाटून घ्यावं. इथे राहणाऱ्याची रात्रीची धावपळ पैशांत मोजता येत नाही, पण तिची दखल घेता येते.

तज्ज्ञांकडे कधी जावं?

एक मूल दुसऱ्याला घाबरत असेल, अंगावर जखमा दिसत असतील, शरीराशी लाज वाटावी असे प्रकार घडत असतील, नव्या बाळाला इजा करण्याचा प्रयत्न झाला असेल, किंवा एखाद्या मुलाची झोप, खाणं, शाळा कित्येक आठवडे बिघडली असेल, तर थांबू नका. बालरोगतज्ज्ञ किंवा शाळेतले समुपदेशक ही पहिली पायरी. सरकारची 'टेली मानस' ही मोफत मानसिक आरोग्य सेवा १४४१६ या क्रमांकावर आहे आणि तिथे मराठीतून बोलता येतं. मूल धोक्यात असेल तर १०९८. जाताना फक्त 'बिघडलेल्या' मुलाला नेऊ नका, दोघांनाही न्या. ते जमलं नाही तर किमान दोघांबद्दल सांगा. तज्ज्ञांना दोघांमधलं काय चाललंय तेच बघायचं असतं.